अक्का आणि छेदातलं वर्गमूळ

अक्का,

तुझ्या खुर्चीवर मी कालपर्यंत बसले नव्हते. तास संपेपर्यंत उभीच असायचे. यात तुझा मान वगैरे काही नाही, उगीच खूश होऊ नकोस. ती खुर्ची एका पायानं लंगडी आहे आणि तिच्यावर कसं सावरून बसायचं ते तुलाच ठाऊक होतं. पोरं म्हणायची, "बाई, डावीकडं रेलून बसा, काय व्हत न्हाई." मी म्हणायचे राहू दे. संध्याकाळी पाय भरून येतात आणि मग बसमध्ये जागा मिळाली नाही की तुझा राग येतो.

तू गेलीस आणि पुण्यानुमोदनाचा मंडप सोडायच्या आतच तुझे हेडमास्तर माझ्यापुढं येऊन उभे राहिले. मला वाटलं, सांत्वन करायला आलेत. त्यांनी हात जोडले आणि म्हणाले, "बाई, नववी-दहावीला गणिताला कुणीच न्हाई आता. मराठीतनं शिकवणारा माणूस मिळंना झालाय. तुमी भालकीतच हाव. मी वरनं आदेश काढून घेतो, आठवड्यातले तीन दिवस या." मी हो म्हणाले. नाही म्हणायला सुद्धा अंगात बळ लागतं, ते त्या दिवशी नव्हतं. आता निम्मा आठवडा माझी भालकीची कानडी शाळा आणि निम्मा तुझी ही मराठी शाळा. खटकचिंचोळीपर्यंत बस, तिथून पुढं जे मिळेल ते. तू हे रोज कसं करत होतीस ते मी कधी विचारलं नाही, तूही कधी सांगितलं नाहीस.

त्या दिवशी मंडपात वंदना झाली आणि मग भाषणं झाली. लांबली, व्हायची तशीच. गणितासारख्या रुक्ष विषयात तू गोडी निर्माण केलीस म्हणे. तू ज्ञानाचा दिवा होतीस म्हणे. मी मागच्या रांगेत आईच्या शेजारी बसून ऐकत होते आणि माझ्या मनात एकच विचार, की या लोकांना तू अर्धा मार्क कापायचीस हे माहीतच नाही. हेडमास्तर तर म्हणाले, या दोघी बहिणी म्हणजे वर्गमूळांची अनुबद्ध जोडी, पदं तीच, फक्त मधलं चिन्ह वेगळं. टाळ्या पडल्या. तू असतीस तर म्हणाली असतीस, "सर, उपमा राहू द्या, उदाहरण सोडवा." तसं कुणी म्हणालं नाही. मी तर नाहीच म्हणाले.

मी भाषण केलं नाही. मला बोलायचं होतं ते त्या मंडपातल्या कुणाशी नव्हतं. तुला विचारायचं होतं. खरं तर जन्मभर एकच विचारायचं होतं. अक्का, माझं म्हणणं तुला कधी एकदा तरी पटलं का गं? एवढंच. इतकी वर्षं आपण भांडलो, त्यात मी कधीतरी बरोबर असेनच की. बंद पडलेलं घड्याळसुद्धा दिवसातून दोनदा बरोबर असतं. पण तू कधी तसं म्हणाली नाहीस, आणि आता विचारायचं तर कुणाला.

भांडण तसं केवढं? परक्याला सांगितलं तर हसेल. छेदात वर्गमूळ ठेवून उत्तर सोडायचं की नाही. तुझं म्हणणं, सोडायचं नाही. एक भागिले वर्गमूळ दोन असं उत्तर आलं तर वर-खाली वर्गमूळ दोननं गुणायचं, छेद दोन करायचा, आणि मग खाली रेघ मारायची, नाहीतर अर्धा मार्क कापायचा. माझं म्हणणं, किंमत तीच आहे ना, मग पोराला कशाला छळायचं? यावरून आपण अबोला सुद्धा धरलाय. दाजी म्हणायचे, "तुमचं हे वर्गमूळ एक दिवस माझ्या घराचे तुकडे करंल."

या भांडणाची सुरुवात तूच केलीस, हे कबूल कर. मी नववीत होते आणि तू शिक्षकी शिकत होतीस. आपण भालकीजवळच्या मेहकरच्या घरी ओसरीवर तुरीच्या हिरव्या शेंगा सोलत बसलो होतो. मी तुला विचारलं, छेदातलं वर्गमूळ काढतात कामून? तू नुसतं सांगितलं असतंस तर चाललं असतं. पण तू आत गेलीस, जुन्या कॅलेंडरचं पान आणलंस, त्याच्या पाठीवर लिहिलंस आणि पेन्सिल माझ्या हातात दिलीस. "दोनचं वर्गमूळ एक पॉइंट चार एक चार धर. आता एकला त्यानं भाग."

मी भागत बसले. १४१४ ची सातपट करा, वजा करा, शून्य घ्या, पुन्हा भाग जातो का बघा. शेंगांच्या हिरव्या डागांनी कागद बरबटला. उत्तर आलं ०.७७. तू शेंगा सोलता सोलता म्हणालीस, "मधलं शून्य गिळलीस, सुमे." पुन्हा केलं. ०.७०७ आलं. मग तू म्हणालीस, "आता खालचं वर्गमूळ वर पाठव. वर्गमूळ दोन भागिले दोन. एक पॉइंट चार एक चारचं निम्मं कर, तोंडी." मी निम्मं केलं. तेच आलं. तेवढ्यात तुझ्या शेंगा संपल्या होत्या आणि माझ्या वाट्याच्या तशाच होत्या. "कळलं का? ज्यानं भागायचंय तो आकडा सरळ असावा लागतो. आकडा वाकडा असला की भागणाऱ्याचे हाल."

मला कळलं. इतकं कळलं की मी गणितच घेतलं. हे तुझंच देणं आहे आणि ते मी कधी नाकारलं नाही. मला कलबुर्गीला शिकायला पाठवायचं की नाही यावर घरात काथ्याकूट चालला होता तेव्हा तू अप्पांना म्हणालीस, "दोघीबी मराठीत कशाला? एकीनं कानडी धरू दे. कुठंबी नोकरी लागंल तिला." स्वतः मात्र मराठी शाळा धरलीस आणि सोडली नाहीस. मी कानडीत शिकवायला लागले, मोजायला लागले, हळूहळू पाढेही कानडीत पुटपुटायला लागले. तू चिडवायचीस, "झाली बघ ही कानडी अक्का." पण मला तिथं ढकलणारी तूच होतीस.

पुढं मी पण शिक्षिका झाले आणि मला तोंड फुटलं. मी म्हणाले, अक्का, ते भागाकार हातानं करायचे दिवस गेले. आता पोरं मोबाईलवर करतात, मोबाईलचे हाल होत नाहीत. तुझं उत्तर तयार होतं. "बरं, एक पोरगं लिहितंय एक भागिले वर्गमूळ दोन. दुसरं लिहितंय वर्गमूळ दोन भागिले दोन. तिसरं लिहितंय वर्गमूळ आठ भागिले चार. तिघंबी बरोबर. पण तिघांस्नी एकमेकाचं उत्तर वळखू येतंय का? न्हाई. तिघंबी म्हणत्यात, बाकीचे चुकले. म्हणून सगळ्यास्नी एका रूपात आणायचं."

"मग ओळखायला शिकव. मार्क कामून कापतीस?"

"वाचणाऱ्याची सोय बघणं हे बी गणितच हाय."

"तुझ्याच दहावीच्या पुस्तकात साइन पंचेचाळीस म्हणजे एक भागिले वर्गमूळ दोन असं छापलंय. त्याचं काय?"

"पुस्तकाला मी मार्क देत न्हाई," तू म्हणालीस.

कलबुर्गीला पेपर तपासायच्या शिबिरात तर आपण शोभाच केली होती. मी कानडीच्या खोलीत, तू मराठीच्या. दुपारी बाहेरच्या गाड्यावर चुरमुऱ्यांचा सुसला आणि भजी घेऊन उभ्या होतो आणि तिथं पेटलं. त्या दिवशी नमुना उत्तरांत स्पष्ट लिहिलं होतं, समान किमतीचं कुठलंही रूप आलं तरी पूर्ण मार्क. मी म्हणाले, बघ. तू म्हणालीस, काय बघ? आवाज चढले. अफजलपूरकडचे एक सर चहा पीत होते, त्यांना राहवलं नाही. "अक्का, जमिनीच्या वाटणीचं हाय का काय?" तू म्हणालीस, "न्हाई हो सर, वर्गमूळाचं." त्यांनी चहा अर्धा टाकला आणि निघून गेले. मग आपण दोघी भजी हातात धरून इतक्या हसलो की गाडीवाल्यानं पाणी पुढं केलं.

पण तुझी गंमत मला तिथंच कळली. शिबिरात तू एकाही पोराचा अर्धा मार्क कापला नव्हतास. मी विचारलं तर म्हणालीस, "परक्याच्या लेकराला कामून मारू? शिस्त आपल्याला लावायची असती." म्हणजे कडक फक्त आपल्या माणसांशी. मला हे लहानपणापासून माहीत असायला हवं होतं.

तुझा वर्ग चांगला आहे, अक्का. हे तुला सांगायचं राहूनच जाईल. अंश-छेदाला सारखंच गुणायचं हे माझ्या भालकीच्या पोरांना शंभरदा सांगावं लागतं. ती खाली गुणतात आणि वरचं विसरतात. तुझी पोरं विसरत नाहीत. परवा एक जण विसरायला गेला तर शेजारची पोरगी ओरडली, "लेकीला बांगड्या घेतल्या तर सुनेलाबी घ्यायच्या!" मला आधी कळेचना. मग कळलं की हे तुझं. खालच्याला दिलं ते वरच्यालाही द्यायचं, नाहीतर घराची किंमत बदलते. पुस्तकात हे कुठंच नाही. त्या पोरीच्या तोंडून तू बोललीस आणि मला फळ्याकडं तोंड करून उभं राहावं लागलं.

मी दमलेय गं. रडून दमले असते तर बरं झालं असतं, पण रडायलाही सवड लागते. सकाळी डबा, बस, तास, पुन्हा बस. आठवड्यातून एकदा दाजींकडं जाऊन बसते. ते चहा करतात, पाक केल्यासारखा गोड. मी पिते. ते म्हणतात, "आज काय शिकवलाव?" मी सांगते. ते मान हलवतात. निघताना ते म्हणतात, "पुन्हा या, सुमन." एवढंच.

आणि त्यात ते तुझं शेवटचं बोलणं. तू जायच्या आधीच्या आठवड्यातलं. मी शाळेतून सुटून भालकीच्या स्टँडवर उभी होते, गर्दी, हॉर्न, एका हातात पिशवी. तुझा फोन. मला वाटलं, काही कामाचं असेल. तर तू विचारलंस, "सुमे, ते साइन पंचेचाळीसचं तुझ्या पोरास्नी कसं सांगतीस? छेदात वर्गमूळ राहतंय ते?" मी म्हणाले, "चालतंय म्हणून सांगते. किंमत तीच असली की चूक न्हाई." मी तुझ्या उत्तराची वाट बघत होते, जीभ परजून. तू फक्त म्हणालीस, "हं." मग म्हणालीस, "जेवलीस का?" बस आली, मी चढले.

चार दिवसांनी छातीत दुखायलंय म्हणून तू घरात टेकलीस आणि उठलीच नाहीस.

त्या एका हं वर मी किती रात्री घालवल्यात! तो हं म्हणजे पटलं, की म्हणजे हिच्याशी डोकं कोण लावणार? तू भांडून दमलीस का? तू कधी भांडण असं अर्धवट सोडत नव्हतीस. तुला बरं वाटत नव्हतं का तेव्हाच, आणि मला कळलं नाही? दाजींना विचारून काही उपयोग नाही. तुझ्या मनातलं वर्गमूळ त्यांना काय माहीत.

काल नववीला मी म्हणाले, गणित तुम्हीच घाला, मी फळ्यावर सोडवते. असं केलं की मला तेवढाच विसावा मिळतो. एक जण म्हणाला, "बाई, सहा भागिले वर्गमूळ सत्तावीस." मी फळ्याकडं वळले, लिहिलं, आणि सोडवत सुटले. छत्तीस दुणे बहात्तर, म्हणून वर्गमूळ बहात्तर म्हणजे सहा वर्गमूळ दोन, सहाला सहा गेले, एक भागिले वर्गमूळ दोन. वळून बघते तर सगळे माझ्याकडं चमत्कारिक बघतायत. पहिल्या बाकावरची अंबिका उठली.

"बाई, सत्तावीस म्हणला तो. तुमी बहात्तर लिहिलाव."

खरंच की. इतकी वर्षं कानडीत शिकवल्याचं फळ. कानडीत इप्पत्तेळु, म्हणजे आधी वीस, मग सात. जसं ऐकायचं तसंच लिहीत जायचं. मराठीत सात आधी कानावर येतो आणि वीस मागून. माझ्या दमलेल्या हातानं सात आधी ऐकला, सात आधी लिहिला. मी पोरांना हे समजावून सांगितलं तर सगळा वर्ग फिदीफिदी हसायला लागला. तू गेल्यापासून त्या खोलीत कुणी हसलं नव्हतं. एक जण कानडीत पाढा म्हणायला लागला. मलाही हसू आलं, तोंडाला पदर लावून हसले.

मग मी अंबिकेलाच फळ्यावर बोलावलं. तिनं नीट केलं. सत्तावीस म्हणजे नऊ त्रिक, वर्गमूळ सत्तावीस म्हणजे तीन वर्गमूळ तीन. सहाला तीननं भाग गेला. दोन भागिले वर्गमूळ तीन. तिनं खाली रेघ मारली आणि खडू ठेवला.

"पुढं?" मी म्हणाले.

"झालं की बाई."

"छेदात वर्गमूळ राहिलंय की. अर्धा मार्क गेला तुझा."

अक्का, हे मी म्हणाले. माझ्या तोंडून हे आलं, आणि आवाज सुद्धा तुझा. तू नाहीस तर तुझी बाजू कुणीतरी धरायला हवी, असं मला आठवडाभर वाटत होतं बहुतेक. मलाच माहीत नव्हतं.

अंबिका म्हणाली, "ठेवलं तरी चूक न्हाई बाई. आमच्या बाई म्हणल्यात."

"तुमच्या बाई? त्या तर मार्क कापायच्या."

"आदी कापायच्या. मग सोडल्या की. एक दिवस वर्गात येऊन म्हणल्या, उत्तर सरळ करून लिवलं तर चांगलंच, पण न्हाई लिवलं तरी आजपासनं मार्क जाणार न्हाई. म्हणल्या, माझी धाकटी भैन भालकीत गणित शिकवती, तिचं म्हणणं बरोबर हाय. इतके दिवस मीच उगं ताणून धरले. पण..."

ती थांबली आणि तिनं जीभ चावली.

"पण काय?"

मागच्या बाकावरून कुणीतरी म्हणालं, "तिला सांगू नका म्हणल्या, बाई. लै चढून बसंल म्हणल्या."

वर्ग पुन्हा हसला. मीच ती धाकटी बहीण हे त्यांना पहिल्या दिवसापासून माहीत आहे. इतके दिवस त्यांनी तुझा शब्द पाळला होता, आणि आता तो सुटला म्हणून अंबिका फळ्याजवळ अंग चोरून उभी होती. मी तिला म्हणाले, बस, बरोबर आहे तुझं. पूर्ण मार्क. मग पहिल्यांदाच मी तुझ्या खुर्चीवर बसले. ती डावीकडं कलली. पोरांनी ओरडून सांगितलं कसं रेलायचं ते.

अख्ख्या वर्गाला सांगितलंस, अक्का. नववीतल्या पोरांना सांगितलंस, आणि मला स्टँडवर उभं करून जेवलीस का विचारलंस. चढून बसले असते, हे खरं आहे. दाजींना फोन केला असता, आईला सांगितलं असतं, शिबिरात त्या अफजलपूरच्या सरांना शोधून सांगितलं असतं की अक्का हरली. तू म्हणाली असतीस, "हरले कुठं? पोरांसाठी सोडून दिले." मी म्हणाले असते, म्हणजे हरलीसच. मग ते भांडण आपल्याला आणखी वर्षभर पुरलं असतं, पुढच्या शिबिरापर्यंत, कदाचित आपण दोघी म्हाताऱ्या होईपर्यंत.

मला सांगायचं होतंस गं. आता मी एकटीनं बरोबर असून काय करू?